सर्वांत आधी श्रद्धांजली

९ नोव्हेंबर २०२५, रविवार

डायरीबाई, उशिराबद्दल माफी असावी. बियाण्याच्या कंपनीची ही डायरी मुलाने, श्यामने, जानेवारीत आणून दिली आणि वर्ष संपायला आलं तेव्हा मी पेनाचं टोपण उघडतो आहे. मागची दहा महिन्यांची पानं बायकोने, लीलाबाईने, पापडांच्या डब्यांत घालायला फाडली. फाडली ते बरंच झालं. त्या दहा महिन्यांत मी मोबाईल पाहण्याशिवाय काहीही केलेलं नाही, आणि ते काय लिहिणार?

लिहायचं कारण माझा अंगठा. उजव्या हाताचा अंगठा सुजला म्हणून सूनबाई साधना मला दवाखान्यात घेऊन गेली. डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "बाबा, काम काय करता?" मी म्हणालो, "काही नाही, कापसाच्या जिनिंगमधून रिटायर आहे." मागून साधना म्हणाली, "मामाजी मोबाईल वरखाली करतात." "किती वेळ?" "झोप सोडून." बाईंनी गोळ्या दिल्या आणि सांगितलं, मोबाईल कमी करा, त्याऐवजी पेनाने लिहीत जा, बोटांना वेगळा व्यायाम होईल. म्हणजे हे लिखाण म्हणजे औषध आहे. माझं शिक्षण सातवी. गुरुजी 'मले' आणि 'तुले' लिहिलं की छडी मारायचे, त्यामुळे पेन हातात घेतलं की मी अजून पुस्तकातल्यासारखा होतो. तोंडाने मी असा बोलत नाही.

हा नाद कसा लागला ते आधी लिहून टाकतो. गेल्या वर्षी जुलैमध्ये गोवर्धन गेला. आमच्या जिनिंगमधलाच, अकोल्यात दोन गल्ल्या पलीकडे राहायचा. सकाळी सात वाजून दहा मिनिटांनी ग्रुपवर बातमी आली. माझा फोन स्वयंपाकघरात चार्जिंगला होता आणि मी बाजारात भाजीला कटुर्ले निवडत होतो. अकरा वाजता त्याला नेलं. मी संध्याकाळी फोन पाहिला. तिसऱ्या दिवशी जो तो विचारायचा, "सूर्यभान, कुठी होता बे?" मी कटुर्ल्यांचं कुणाला सांगितलं नाही. लग्न चुकलं तर मागून आहेर करून भागतं. मयत चुकली तर ज्याची माफी मागायची तोच उरत नाही.

तेव्हापासून फोन माझ्याजवळ असतो. न्हाणीतही दुधाच्या रिकाम्या पिशवीत घालून नेतो. लीलाबाई म्हणते, माझ्या आधी त्याची आंघोळ होते.

१३ नोव्हेंबर, गुरुवार

आज पुन्हा एका मिनिटाने मागे पडलो.

आमच्या ग्रुपचं नाव 'जिनिंगचे जुने सोबती'. एकशे त्रेचाळीस माणसं. ग्रुप देवीदासच्या हातात आहे. तो तेव्हा वजनकाट्यावर बाबू होता, आम्ही रेच्यावर, म्हणजे सरकी काढायच्या यंत्रावर, कामगार होतो. आता सगळेच पेन्शनीत आहेत पण त्याची बाबूगिरी गेली नाही. कुणीही गेलं की पहिली बातमी त्याची. काळी चौकट, मधे फोटो, खाली 'भावपूर्ण श्रद्धांजली'. मग सगळे हात जोडतात. ते हात मेलेल्याला जोडलेले असतात, पण येतात देवीदासच्या बातमीखाली. मागून तीच बातमी टाकणाऱ्याला कुणी विचारत नाही. हे मला कधी कळलं ते सांगता येणार नाही, पण एकदा कळल्यावर डोक्यातून जाईना. एकदा तरी मी पहिला असावं.

आज जुन्या मिस्त्रींची बातमी मला त्यांच्या घराशेजारच्या किराणावाल्याने फोन करून दिली. हा माणूस मी दोन महिने गोड बोलून तयार केला होता. चष्मा शोधेपर्यंत देवीदासने टाकली.

मी कपाळावर हात मारला तर लीलाबाई म्हणाली, "काय झालं वो?"

"मिस्त्री गेले."

"अरेरे. कवा?"

"नऊ वाजून चार मिनिटांनी."

"मेले कवा ते विचारून राहिले मी. देवीदासनं टाकलं कवा ते नाई." मग पोळी तव्यावर टाकत म्हणाली, "मेल्या मानसाची येवढी वाट पायता. जित्याची पायली असती तं चार जनं घरी तरी आले असते."

देवरावाचा आवाजी निरोप आला आहे. चार मिनिटांचा. ऐकायचा राहिला. चार मिनिटं फोन कानाला लावला तर तेवढ्यात काय काय निसटेल, सांगता येत नाही.

२४ नोव्हेंबर, सोमवार

काल जे केलं ते लिहायला एक दिवस जाऊ दिला.

एकाच दिवशी दोन लग्नं होती. मोर्शीला लीलाबाईच्या भाच्याचं आणि दर्यापूरला आमच्या जिनिंगच्या एका सोबत्याच्या नातीचं. घरच्यांनी ठरवलं मोर्शी. ठीक. मांडवात बसलो, फोन काढला. दर्यापूरचे फोटो यायला लागले. सगळे सोबती एका रांगेत बसलेले. फेटे बांधलेले. मग वांग्याच्या भाजीचा फोटो आला, तेलाचा तवंग दिसत होता. मग रोडगे. मग देवीदासने लिहिलं, 'सर्व सोबती हजर. सूर्यभान कोठे?'

मी लीलाबाईला सांगितलं, पोटात कसंतरी होतं आहे, घरी जातो. अक्षता खिशातच राहिल्या. मोर्शीहून अमरावती, अमरावतीहून दर्यापूरची काळीपिवळी जीप. पाठीमागच्या बाकावर सहावा बसलो, एक पाय बाहेर. पोहोचलो तेव्हा मांडवाचे बांबू काढत होते आणि एक बाई स्वयंपाकाच्या मोठ्या गंजाला माती लावून घासत होती. मी विचारलं, "सगळे गेले काय?" ती म्हणाली, "नवरीसुदिक गेली. तुमी कोनाकडले?"

मला दोन्हीकडलं सांगता आलं नाही. एका बिस्किटपुड्यावर अकोल्याला आलो. मोर्शीच्या फोटोंत मी नाही, कारण निघून गेलो. दर्यापूरच्या फोटोंत मी नाही, कारण पोहोचलो नाही. दिवसभर एकशे साठ किलोमीटर हिंडलेल्या माणसाचा कुठेच पुरावा नाही. लीलाबाईने रात्री फक्त ओवा आणि कोमट पाणी आणून ठेवलं. पोट दुखत होतं ना.

अमरावतीच्या स्टँडवर वीस मिनिटं थांबलो होतो. देवरावाचं घर तिथून पायी दहा मिनिटं. गेलो नाही. गाडी चुकली असती.

१ डिसेंबर, सोमवार

देवराव दवाखान्यात आहे. ग्रुपवर देवीदासने टाकलं, 'आपले देवराव यांची प्रकृती गंभीर, अमरावती येथे भरती.'

देवराव कोण ते इथे लिहिलंच नाही. बावीस वर्षं आमचे रेचे शेजारी-शेजारी होते. सरकी एकीकडे, रुई एकीकडे, आणि मधे आम्ही दोघं नाकातोंडात कापूस घेऊन. रेच्यांच्या आवाजात बोललेलं ऐकू येत नाही, म्हणून आम्ही एकमेकांच्या ओठांकडे पाहून बोलायचो. त्याच्या मुलाला, संघपालला, अमरावतीत नोकरी लागली तसा तो तिकडे गेला. छातीचं दुखणं कापसानेच दिलं, असं डॉक्टर म्हणतात. आता त्यात हृदयाचंही निघालं.

उद्याच जायला पाहिजे. पण मूर्तिजापूरच्या पुढे रेंज जाते. मी गाडीत असताना काही बरंवाईट झालं तर बातमी देवीदास टाकेल, आणि मी, ज्याचा तो बावीस वर्षांचा शेजारी, मलाच शेवटी कळेल.

हे वाक्य लिहून पुन्हा वाचलं. माणूस लाजेने मरतो म्हणतात ते खरं नाही. मी जिवंत आहे.

आणखीही एक आहे. देवरावासमोर बसलो की एका जुन्या सालातलं निघेल. तो काढणार नाही, पण माझ्या डोक्यात निघेल. ते इथे लिहीत नाही. साधना ही डायरी वाचते की नाही याची खात्री नाही. त्याचा दुसरा आवाजी निरोप आला आहे. ऐकला नाही.

६ डिसेंबर, शनिवार, सकाळी साडेसहा

देवराव गेला.

साडेपाचला डोळा उघडला, फोन उघडला. संघपालने स्टेटस ठेवलेलं. देवराव पांढऱ्या कपड्यांत, हात जोडलेले, पुढे मेणबत्ती, खाली 'विनम्र अभिवादन'. स्टेटसला आणखी एक फोटो होता पण तो पाहायला थांबलो नाही. देवीदासही पहाटे उठतो.

काळी चौकट शोधत बसलो नाही. नुसतं लिहिलं. काय लिहिलं ते इथे उतरवून ठेवतो.

'आपल्या जिनिंगचे देवराव आज आपल्याला सोडून गेले. असा माणूस होणे नाही. १९८८ साली कापसाच्या दोन नंबरच्या गंजीला आग लागली होती ती त्यांच्या हातून नाही. फाटकावर आगपेटी तपासत होते तरी मी बिडी आत नेली होती. आग माझ्या बिडीने लागली. नाव त्यांचं झालं, तीन महिने काम बंद झालं, त्यांनी तोंड उघडलं नाही आणि मीही उघडलं नाही. भावपूर्ण श्रद्धांजली. सूर्यभान.'

आगीचं लिहायचं नव्हतं. मेलेल्या माणसापुढे खरं बोलायला भीती वाटत नाही, एवढंच. सदतीस वर्षं जे गिळलं ते सुजलेल्या अंगठ्याने पाच मिनिटांत बाहेर काढलं.

पाच वाजून एकेचाळीस मिनिटं. माझ्या आधी कुणी नाही. आत्तापर्यंत अठ्ठावीस जणांनी हात जोडले. देवीदासचा फोन आला, "सूर्यभान, आज तुमी आघाडी घेतली जी." आवाज रडका होता. देवरावासाठी का बातमीसाठी, ते कळलं नाही. मलाही रडू आलं आणि माझंही मला नीट कळलं नाही.

आठला भाड्याची गाडी येते आहे. आम्ही अकरा जण अमरावतीला निघालो.

७ डिसेंबर, रविवार

देवराव जिवंत आहे.

सगळं क्रमाने लिहितो. गाडीत आम्ही अकरा जण दाटीने बसलो. हार मागच्या सीटवर, कागदात गुंडाळलेला. बोरगावच्या पुढे मला वाटलं, आता तरी त्याचे निरोप ऐकावेत. मेलेल्याचा आवाज कानाला लावला.

पहिल्यात तो म्हणत होता, "सूर्या, जित्ता हायेस का बे? ग्रुपवर दिसतं, घरी दिसत नाई. इथली डॉक्टर म्हंते बाबा बिडी सोडा. मी म्हनलं बाई, मी जल्मात पेलो नाई, पेनारा अकोल्यात हाय, त्याले सांगा." आणि हसत होता, खोकत होता. पुढे संत्र्यांचं, गुडघ्यांचं, नातीच्या शाळेचं. दुसरा निरोप छोटा होता. "येकदा येऊन जाय. बोलाचं हाय. फोनवर होत नाई ते."

मेल्यावरही माझ्या बिडीची मस्करी करतो आहे, असं मनात आलं आणि मी खिडकीकडे तोंड फिरवलं.

घराच्या पायऱ्यांवर देवरावाची बायको जाईबाई उभ्या होत्या, पांढऱ्या लुगड्यात, नुकत्याच कुठून तरी आलेल्या. देवीदासने पायरीवरच बसकण मारली. "वयनी, आमचा मानूस गेला वो!"

जाईबाई घाबरल्या. "कोन गेलं? भाऊ, उठा ना. सांगा तं खरं, कोन गेलं?"

आतून आवाज आला, "कोन हाय वं?"

आम्ही अकराही जण एकदम गप्प झालो. जिनिंगची शिटी वाजून रेचे बंद पडल्यावर जशी शांतता व्हायची तशी.

देवराव खाटेवर उशीला टेकून बसला होता. गळ्यात मफलर, हातात संत्र्याची फोड. तीन दिवसांपूर्वीच घरी सोडलं होतं म्हणे. त्याने आमच्याकडे पाहिलं, मग देवीदासच्या हातातल्या पुड्याकडे.

"हार कोनाचा हाय?"

देवीदास तीस वर्षं बाबू होता. बाबूला उत्तर सुचतंच. "बाबासाहेबाईले. आज सहा डिसेंबर नाई का!"

"अकरा झनं अकोल्याहून? तथी पुतळा नाई का?"

मागे एकाला हसू फुटलं, त्याने ते खोकल्यात लपवलं. इतक्यात बाहेर दर्यापूरची काळीपिवळी येऊन थांबली आणि रस्त्यातूनच रडणं सुरू झालं, "देवराव, कसा रे गेला!"

देवराव म्हणाला, "त्याईले सांगा बे कोनी, गेलो नाई मनावं. अन् आतमंधी जागाबी नाई."

मग त्याने माझ्याकडे पाहिलं. हसू गेलं.

"तुनं लिवलेलं संघपालनं वाचून दाखवलं."

मी फरशीकडे पाहत होतो.

"दोनदा वाचाले लावलं."

एवढंच. मग जाईबाईंना म्हणाला, "च्या ठेव वं. ईस कप." पुढचा अर्धा तास त्याने प्रत्येकाला नाव घेऊन विचारलं, गुडघा कसा, पेन्शन येते का, सून बरी आहे का. माझं नाव आलं नाही. मी चहा प्यायलो. गिळताना आवाज आला, तो सगळ्यांना ऐकू गेला असेल.

संघपाल मला बाहेर घेऊन आला. चांगला मुलगा आहे, ओरडला नाही. "काका, दुसरा फोटो पाहायचा ना. बाबांच्या फोनवरून मी लगेच खुलासा टाकणार होतो, त्यांनीच थांबवलं." त्याने फोन दाखवला. दुसऱ्या फोटोत बाबासाहेबांचा पुतळा, महापरिनिर्वाण दिन, तारीख. पहिला फोटो मागच्या वर्षीचा, इर्विन चौकातला. या वर्षी बाबांना जाता येत नाही म्हणून त्याने ठेवला होता. मग म्हणाला, "बाबा अजून सांगतात, भर हंगामात सहा तारखेची सुट्टी कोणी देत नव्हतं. पण सूर्यभानकाका म्हणायचे, जाय, तुझा रेचाबी मीच पायतो."

बावीस वर्षं सहा डिसेंबरला मी दोन रेचे चालवले. आणि या वर्षी तारीख विसरलो.

ऑपरेशन अठरा तारखेला आहे. हृदयाचं. वय आणि छाती पाहता डॉक्टर फार खात्री देत नाहीत, असं संघपालने हळूच सांगितलं.

परत निघताना सगळे म्हणाले, आता आलोच आहोत तर चौकात पुतळ्याकडे जाऊ. मयतीसाठी आणलेला हार तिथे न्यायचा नाही, हे देवीदासनेच ठरवलं. नवा घेतला, दीड तास रांगेत उभे राहिलो. जुना हार गाडीत तसाच राहिला. मूर्तिजापूरपर्यंत त्याचा वास येत होता आणि माझ्याशी कुणी बोलत नव्हतं.

९ डिसेंबर, मंगळवार

मला ग्रुपमधून काढलं. देवीदासने आधी लिहिलं, 'जिवंत सभासदांस श्रद्धांजली वाहणाऱ्यास येथे स्थान नाही', आणि मग काढलं. नियम चुकीचा आहे असं म्हणता येत नाही.

कालपासून फोन दोनदा वाजला. एकदा गॅसवाला, एकदा चुकीचा नंबर. चुकीच्या नंबराशी मी बराच वेळ बोललो. फोन बिघडला असावा म्हणून साधनाला दाखवला. ती म्हणाली, "चांगला आहे मामाजी. तुम्हाला कोणी बोलवून राहिलं नाही, एवढंच."

मी आजवर घाबरलो तो बाहेर काहीतरी चालू आहे आणि मी तिथे नाही, याला. आता सगळंच चालू आहे आणि मी कुठेच नाही. अंगठ्याची सूज उतरली आहे. डॉक्टरीणबाईंना आनंद होईल.

देवरावाला फोन केला. संघपालने उचलला. आत विचारून आला आणि म्हणाला, "बाबा म्हणतात, फोनवर बोलायचं नाही."

"रागावला आहे का रे?"

"ते त्यांनाच विचारा काका."

"फोनवर बोलत नाही तर विचारू कसं?"

तो म्हणाला, "हो ना." आणि थोडा वेळ थांबला. मग फोन ठेवला. तोंड पाहायचं नाही, आवाजही ऐकायचा नाही. तीन महिन्यांच्या मजुरीचा राग असता तर समजलो असतो. हा सदतीस वर्षांच्या गप्प बसण्याचा राग आहे, आणि तो रास्त आहे.

१४ डिसेंबर, रविवार

आज जे झालं ते माझ्या शत्रूवरही येऊ नये.

सकाळी पानठेल्यावर एक सोबती भेटला, माझ्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाला, "आयकलं. देवरावच तो." आणि गेला. दुसरा रस्त्याच्या पलीकडून हात करून गेला. मला काही कळेना. सरळ देवीदासच्या घरी गेलो. तो ओट्यावर बसला होता, फोन मांडीवर, डोळे पुसत होता. त्याला मोतीबिंदू आहे.

"काय झालं जी?"

"देवराव बोल्ला ग्रुपवर. काल. तीन मिन्टं. आगीबद्दल अन् तुमच्याबद्दल."

"काय बोल्ला?"

"तुमी ग्रुपमंधी नाई."

"म्हनून तं विचारून राहिलो ना!"

"सांगता येत नाई. त्यानं सुरवातीलेच सांगतलं. सूर्यभानले कोनी आयकवू नका, अन् कोनी सांगूबी नका."

"काहून?"

"ते सांगतलं तं सांगतल्यासारखंच झालं ना," देवीदास म्हणाला.

मी हात जोडले. म्हणालो, पाच मिनिटांसाठी मला ग्रुपमध्ये घ्या, मग पुन्हा काढा. तो म्हणाला, "अठरा तारखेनंतर पाहू." आणि मग, हे विचित्र, त्याने आत जाऊन मला पाणी आणून दिलं. पाच वर्षांत पहिल्यांदा.

एवढे दिवस मी पाच हजार निरोप वाचले असतील. कुणाचा वाढदिवस, कुणाची मधुमेहावरची पाला-पाचोळ्याची दवा. त्यातला एक चुकला असता तरी माझं काही बिघडलं नसतं. जगात एकच निरोप माझा होता आणि तो माझ्याशिवाय सगळ्यांनी ऐकला.

१६ डिसेंबर, मंगळवार, पहाटे

लीलाबाईनेही ऐकलं आहे. काल संध्याकाळी शेजारच्या घरी गेली होती, त्यांचा मामा ग्रुपमध्ये आहे. परत आली ती पदराने नाक पुसत. मी विचारलं, "आयकलं?"

"आयकलं."

"शिव्या घातल्या का?"

"घातल्या थोड्या."

"मंग?"

"मंग काई नाई. सांगनार नाई मी. त्यानं नाई म्हनलं हाय."

पन्नास वर्षांचा संसार माझ्याशी आणि शब्द पाळते त्याचा. त्यानंतर ती रात्री जवस भाजायला बसली. आमच्या घरात जवसाची चटणी कुणी खात नाही, मला तर बाधते. जिनिंगमध्ये डब्यात आली की देवरावच संपवायचा. दोन बरण्या भरल्या. माझं स्वेटर धुऊन वाळत टाकलं. साधनाने विचारलं, "मामाजी, तुमच्या बीपीच्या गोळ्या चार दिवस पुरतील ना?" मी म्हणालो, माझ्या गोळ्यांचं राहू द्या, माझ्यावर काय वेळ आली आहे ते पाहा. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. दुःखात असलेल्या माणसाशी घरातले कसे वागतात ते मी आता पाहतो आहे.

म्हणून आता हे पान देवरावाला लिहितो. फाडून पोस्टात टाकीन.

देवराव,

तू काय बोललास ते एकशे बेचाळीस माणसांना ठाऊक आहे, माझ्या बायकोलाही ठाऊक आहे, फक्त मला नाही. शिव्या दिल्या असतील तर त्या माझ्या आहेत, मला मिळायला पाहिजेत. माफ केलं असशील असं मी समजत नाही. आग माझ्या बिडीची होती हे तुझ्या तोंडावर म्हणायला हवं होतं. तुला मेलेला समजून म्हणालो, यापेक्षा भित्रेपणाचं काम जिनिंगच्या सगळ्या कामगारांत कुणी केलं नसेल. जाईवहिनी त्या तीन महिन्यांत लोकांच्या वावरात तण निंदायला जात होत्या, हे मला ठाऊक होतं. मी तेव्हा तुमच्या घरावरून जाताना सायकलवरून उतरत नव्हतो.

परवा गुरुवारी तुझं ऑपरेशन आहे. त्याआधी एक शब्द कळव. 'ये' म्हण, नाही तर 'येऊ नको' म्हण. तू 'ये' म्हटल्याशिवाय कोणत्या तोंडाने येऊ? फोनवर बोलू नकोस, मी त्या लायकीचा नाही. संघपालकडून दोन अक्षरं लिहवून घे.

लीलाबाई दाराशी उभी आहे. हातात पिशवी आहे, तिच्यातून बरण्यांचा आवाज येतो आहे. विचारते आहे, "सातची गाडी धरता का साडेसातची? लवकर उठा ना आता!" हिला एवढ्या थंडीत पहाटे कुठे जायचं आहे, कोण जाणे. मी तिला सांगितलं, देवरावाचा निरोप आल्याशिवाय मी या खुर्चीवरून उठणार नाही.

तेव्हा भाऊ, आता फार वाट पाहायला लावू नकोस. लवकर कळव.

तुझा,
सूर्यभान